आधी कोणतं

फ्रिजच्या दारावर यादी लावली आहे,
वर्तमानपत्रं चाळून कुणीतरी मोजलेली:
दोन हजार अक्षरं, जास्त वापराचं आधी.
दिवस. एक. देश. सभा. माणूस.
फ्लोरेसहून आले तेव्हा वाटलं होतं
रोज पाच केली की सव्वा वर्षात
हे अख्खं हिमी गाव वाचता येईल मला,
बंदरावरच्या फळ्यांपासून औषधांच्या पुड्यांपर्यंत.

पण इथे सभा भरत नाहीत.
इथे पहाटे चारला घंटी वाजते,
सात नंबरच्या खोलीत.

पहिल्या रात्रपाळीला नोंदवहीत
एकच अक्षर पानोपान दिसलं.
माझ्या पुस्तकात त्याचा अर्थ सोय.
पुढच्या पानावर टपाल. त्याच्या पुढे विमानाची फेरी.
मी आपली चकित:
नव्वदीला टेकलेली ही माणसं,
कुणाला दोन दिवसांनी टपाल,
कुणाला पातळ टपाल!
किताजिमा-सान हसता हसता भिंतीला टेकल्या.
शौच गं, शौच.
ते मला पुन्हा शिकावं लागलं नाही.

दुसरं मात्र यादीत नव्हतंच.
वरून खाली शोधलं, खालून वर शोधलं.
एकोणीस रेघा:
डावीकडे तोंड, उजवीकडे पाकोळी,
पंख, शेपूट, सगळं कोंबून बसवलेली.
गिळणे.
त्याच्या आधी 'चूक' आली
की घास वाट सोडून फुप्फुसात उतरतो
आणि आठवड्याभरात पलंग रिकामा होतो.
वर्तमानपत्रांना हे अक्षर लागत नाही.
मी ते मनगटावर पेनानं काढलं,
हात धुताना पुसलं गेलं,
पुन्हा काढलं.

हामादे-सान साठ वर्षं जाळी ओढत होते.
त्यांचं दुखणं पुस्तकातलं दुखणं नव्हे.
झुकिझुकि म्हणजे ठणका.
हिरिहिरि म्हणजे चुरचुर.
शिकुशिकु म्हणजे आत खोल दबून बसलेली कळ,
आणि ती आली की ते बोलायचेच नाहीत.
मीच विचारायचे, शिकुशिकु?
ते पापण्यांनी हो म्हणायचे.
हे शब्द कितव्या क्रमांकावर घालू?

दाट केलेला चहा चमच्याचमच्यानं पाजला
की म्हणायचे, किनोदोकुना.
शब्दकोशात पाहिलं: बिचारी. कीव यावी अशी.
वाईट वाटलं. महिनाभर वाटत राहिलं.
दोन समुद्र ओलांडून यांचे डायपर बदलायला आले
आणि वर माझीच कीव?
मग एकदा बाजारात मासेवालीला
सुट्टे पैसे मोजून दिले, तर तीही तेच म्हणाली,
माझ्या मागच्या गिऱ्हाइकालाही तेच.
या किनाऱ्यावर आभार असे मानतात,
समोरच्याला त्रास पडला हे ध्यानात ठेवून.
धावत परत गेले. हामादे-सान झोपले होते.

बर्फ पडत असताना एका सकाळी
त्यांच्या दारावरची पाटी काढायची होती.
दोन अक्षरं. किनारा. बाहेर पडणे.
दुसरं मला पहिल्याच आठवड्यात आलेलं,
स्टेशनच्या प्रत्येक दारावर असतं ते.
पहिलं यादीत फार खाली होतं,
तिथवर पोचायला मला अजून कितीतरी महिने होते.
पाटी पुसता पुसता शिकले:
पाण्याचे तीन थेंब
आणि शेजारी उभा एक शिपाई.

आता मंडालेहून नवी मुलगी आली आहे, ए म्यात.
विचारते, ताई, आधी कोणतं?
मी तिला यादी दाखवली नाही.
व्हरांड्यातून चालवत नेलं,
एकेका दारापाशी थांबत, नावं वाचत.
सात नंबरची पाटी कोरी आहे.
तिथेही थांबलो.

यादी अजून फ्रिजवरच आहे, एक कोपरा ओला होऊन वळलेला.
वरून तिसरं अक्षर, देश:
एक चौकट, आत एक रत्न.
आठच रेघा. सोपं आहे म्हणतात.
मला ते अजून बघूनच काढावं लागतं.